खारीच्या नसबंदीचा प्रतीक्षाकाल

माणूस आजारी पडतो त्याच्या बऱ्याच आधी घाबरतो, आणि या दोन घटनांच्या मध्ये जी मोकळी जागा उरते तिच्यावर विम्याचा व्यवसाय उभा आहे. जागा पक्की आहे. मी स्वतः तिथे बावीस वर्षं बसतो आहे.

मी ज्योतीराम, मूळचा चिखलीचा. आमच्या शेतात आता सतरा गाळे आणि एक मंगल कार्यालय पिकतं, त्यामुळे पोटासाठी काही करण्याची मला गरज नव्हती. गरज नसलेली माणसं जे करतात ते मी केलं, विम्याची एजन्सी घेतली. आधी माणसांचे विमे विकले, मग गाड्यांचे. तीन वर्षांपूर्वी आमच्या कंपनीने पाळीव प्राण्यांचा विमा बाजारात आणला तेव्हा मला मनापासून आनंद झाला. माणसांच्या विम्यात एक खोट असते: विमा उतरवलेला माणूस कधी ना कधी फोन करून ओरडतो. कुत्रा भुंकतो, पण फोन करत नाही.

या मालासाठी वाकड म्हणजे नांगरून ठेवलेली जमीन. तिथल्या उंच इमारतींमध्ये दर तीन फ्लॅटांमागे एक कुत्रा आहे आणि दर कुत्र्यामागे वर्षाला दीड वाढदिवस साजरा होतो (आकडे माझे आहेत, लिफ्टमध्ये उभं राहून गोळा केलेले). अशाच एका इमारतीच्या अठराव्या मजल्यावर नंदकिशोर साहेब राहतात. चाकणला गाड्यांचे ब्रेक बनवणाऱ्या कारखान्यात ते क्वालिटीचे मॅनेजर आहेत. घरात पत्नी अरुंधतीबाई, त्या कॉलेजात रसायनशास्त्र शिकवतात, आणि अकरा वर्षांची मुलगी इरा. इराच्या हट्टापायी लॅब्रडोर जातीचं एक पिल्लू घरी आलं. रंग बेकरीतल्या खारीसारखा, म्हणून नाव खारी.

चौथ्या दिवशी साहेबांनी मला बोलावून पॉलिसी घेतली. चोवीस पानांची पॉलिसी त्यांनी प्लास्टिकच्या फाइलमध्ये घातली, फाइलवर खारीचा फोटो चिकटवला आणि फाइल कपाटात ठेवली. वाचली नाही. ब्रेकचा एक स्क्रू सही केल्याशिवाय पुढे जाऊ न देणारा माणूस चोवीस पानं न वाचता सही करतो, याचा अर्थ माणसाचा माणसावरचा विश्वास अजून शाबूत आहे. या विश्वासावर कंपनीने मला दोनदा बँकॉकला नेऊन आणलं आहे.

खारी आठ महिन्यांची झाली तेव्हा कस्पटे वस्तीजवळच्या दवाखान्यातल्या पूर्वी नावाच्या डॉक्टर म्हणाल्या, "महिन्या-दोन महिन्यांत हिचं ऑपरेशन उरकून घ्या. पुढे गर्भाशयात पू होण्याची भानगड राहत नाही. चौदा हजारांच्या आसपास खर्च येईल."

साहेबांनी दवाखान्याच्या पायरीवरूनच मला फोन लावला.

"ज्योतीराम, खारीचं ऑपरेशन आहे. कॅशलेस होईल ना?"

"कसलं ऑपरेशन, सर?"

"नसबंदी."

"मग नाही होणार."

मी संध्याकाळी त्यांच्या घरी गेलो, फाइल कपाटातून काढली आणि पान सतरा उघडून दिलं. कलम चार, उपकलम छ: 'नसबंदी, प्रसूती, दातांची सफाई, नखे कापणे, शेपूट छाटणे, स्नान व केशरचना यांचा खर्च देय असणार नाही.'

साहेबांनी ते दोनदा वाचलं. "गर्भाशय काढणं आणि नखं कापणं एकाच ओळीत?"

"मध्ये तीन स्वल्पविराम आहेत, सर."

इथे आमच्या कंपनीची बाजू समजून घ्यायला हवी, कारण ती निर्दोष आहे. विमा अपघाताचा किंवा आजाराचा असतो. खारीला अपघात झालेला नव्हता. ती आजारीही नव्हती. ती ठणठणीत होती, आणि ठणठणीत असणं हा दावा करण्याजोगा प्रकार नव्हे. शिवाय नसबंदी होणार हे आधी ठाऊक असतं. जे होणार हे ठाऊक असतं त्याचा विमा उतरवता येत नाही. जे होणार नाही याची कंपनीला पुरेशी खात्री असते त्याचाच उतरवता येतो. एवढं साधं तत्त्व आहे, पण शिकलेल्या माणसांना ते समजावून सांगावं लागतं.

साहेबांना ते पटलं नाही. त्यांच्या कारखान्यात भिंतीवर तीन भाषांमध्ये लिहिलं आहे की बिघाड दुरुस्त करण्यापेक्षा बिघाड होऊ देऊ नये. त्यांनी कंपनीला तीन पानांचं पत्र लिहिलं. त्यात आकृती होती. डाव्या बाजूला 'नसबंदी न केल्यास' असा चौकोन, तिथून बाण, बाणापुढे 'गर्भाशयात पू', पुढचा बाण, मग 'तातडीचे ऑपरेशन', आणि शेवटी तांबड्या चौकोनात 'कंपनीचा तिप्पट खर्च'. साहेबांनी आयुष्यात काढलेली ही बहुधा सर्वांत सुंदर आकृती असावी.

अकराव्या दिवशी उत्तर आलं. 'आपल्या लाडक्या सदस्याविषयीच्या आपुलकीबद्दल आम्ही आभारी आहोत. प्रतिबंधात्मक उपचार वगळलेले आहेत. कृपया या ईमेलला उत्तर देऊ नये.' साहेबांनी उत्तर दिलं. असं पंधरा दिवसांत सात वेळा झालं.

आठव्या वेळी कंपनीच्या मदत केंद्रातून पूनम नावाच्या बाईंचा फोन आला. त्या अतिशय गोड बोलतात (वर्षातून दोनदा त्यांना त्याचं प्रमाणपत्र मिळतं). त्यांनी सांगितलं की मूळ पॉलिसीत नसबंदी बसत नसली, तरी 'आरोग्यसखा' नावाची जोड घेतली तर आयुष्यात एकदा नसबंदीसाठी पंधराशे रुपयांपर्यंत मिळू शकतात. तिचा वेगळा हप्ता एकवीसशे. प्रतीक्षाकाल बारा महिने. त्याआधी ऑपरेशन केलं तर हक्क संपला.

मी प्रामाणिक माणूस आहे. मी म्हणालो, "सर, एकवीसशे भरून पंधराशे मिळणार."

"पण मिळणार ना?"

"मिळणार."

"मग घ्या."

अरुंधतीबाई तेव्हा चहा घेऊन आल्या होत्या. त्यांनी ट्रे टेबलावर ठेवला आणि नवऱ्याकडे पाहिलं. "नंदू, म्हणजे वर्षभर ऑपरेशन करायचं नाही? चौदा हजार मी भरते. परवा सुट्टी आहे, करून टाकू."

"अरू, प्रश्न पैशांचा नाही. तत्त्वाचा आहे."

तत्त्वाची कमाल मर्यादा पंधराशे रुपये होती, करासह.

याच सुमारास मी चिखलीला गेलो होतो. आमच्या शालनकाकीच्या दारात एक काळी कुत्री असते. कुणाची नाही, पण भाकरी काकीची खाते. तिच्या कानाला खाच दिसली म्हणून मी विचारलं.

"म्हापालिकेची गाडी आली व्हती," काकी म्हणाली. "घिऊन ग्येली, चार दिसांनी हितंच आणून सोडली. आता पिल्लं न्हाई व्हायची. कुठं सही न्हाई, शिक्का न्हाई, रुपया न्हाई."

मी काकीला कुत्र्याचा विमा समजावून सांगितला. तिने ज्वारी पाखडता पाखडता सगळं ऐकलं.

"म्हंजी कुत्री बरी हाय तवर पैसं भरायचं, आन् आजारी पडली की कागुद आणायचं?"

"व्हय, काकी."

"आन् लोकं भरत्यात?"

"भरत्यात की."

"शाना हायेस," काकी म्हणाली आणि सूप आपटलं. आमच्या घराण्यात माझ्या धंद्याचं झालेलं हे एकमेव कौतुक.

काळ्या कुत्रीची हकिगत मी साहेबांच्या कानावर घातली. ते म्हणाले, "ती रस्त्यावरची. खारीला पेडिग्री आहे." हा मुद्दा बिनतोड होता. ज्या कुत्रीला कुळाचा दाखला असतो तिला नसबंदीसाठी वर्षभर थांबावं लागतं. जिच्या आईबापांचा पत्ता नाही तिचं काम चार दिवसांत होतं.

वयाच्या अकराव्या महिन्यात खारी पहिल्यांदा माजावर आली. त्या तीन आठवड्यांत साहेबांच्या घराने जे सोसलं ते सैन्यातल्या माणसांनीही कौतुक करावं असं होतं. सोफ्यावर प्लास्टिक. खारीला डायपर. जाण्यायेण्याला सामानाची लिफ्ट. नवव्या मजल्यावरच्या बीगलने अन्न सोडलं आणि तो गॅलरीतून वर तोंड करून रडू लागला. सोसायटीच्या समितीने नोटीस लावली: 'ए विंगमधील एक सदस्या सध्या विशेष परिस्थितीत असल्याने सर्व नर श्वानांनी खालच्या पोडियमवर संयम पाळावा.' नर श्वानांनी नोटीस वाचली नाही. इराला संध्याकाळी खारीबरोबर खाली खेळायला बंदी झाली. डायपर आणि प्लास्टिक यांचा खर्च पंधराशेच्या वर गेला तो दिवस तिसरा होता. साहेबांनी तो मोजला नाही, कारण तो वेगळ्या सदरात होता.

दीड वर्षाची झाल्यावर खारी पुन्हा माजावर आली. पुन्हा प्लास्टिक, पुन्हा नोटीस. डॉक्टर पूर्वींनी फोनवर आठवण करून दिली. साहेब म्हणाले, "आता थोडेच महिने राहिले."

त्यानंतर दीडेक महिन्याने इराच्या लक्षात आलं की खारीचं पाण्याचं भांडं दिवसातून पाच वेळा भरावं लागतंय.

"बाबा, खारी सारखं पाणी पिते आणि जेवत नाही."

"उन्हाळा आहे बाळा."

दुसऱ्या दिवशी खारी शाळेची बस आल्यावर दाराशी गेली नाही. तिसऱ्या दिवशी, रविवारी दुपारी, ती फरशीवर आडवी झाली आणि इराने नाव घेतल्यावर तिने नुसती शेपूट हलवली, तीही एकदाच. अरुंधतीबाईंनी तिला चादरीत गुंडाळून उचललं. साहेबांनी गाडी काढली.

डॉक्टर पूर्वींनी सोनोग्राफी केली. "गर्भाशय पुवाने भरलंय. आत फुटलं तर हातात काही राहणार नाही. आत्ता घ्यावं लागेल."

पुढचं मला अरुंधतीबाईंनी सांगितलं. साहेबांनी खिशातून मोबाइल काढला, कॅलेंडर उघडलं आणि बोटाने दिवस मोजले. मग विचारलं, "डॉक्टर, मी फक्त माहितीसाठी विचारतोय. अँटिबायोटिकवर एकोणीस दिवस काढता येतील का?"

आरोग्यसखाचा प्रतीक्षाकाल संपायला एकोणीस दिवस होते.

डॉक्टर म्हणाल्या, "एकोणीस तासही नाही."

इरा म्हणाली, "बाबा, फोन ठेव."

अरुंधतीबाईंनी संमतीपत्र ओढून घेतलं, सही केली आणि नवऱ्याकडे न बघता म्हणाल्या, "नंदू, तू बाहेर बस."

तो बाहेर बसला आणि त्याने मला फोन केला. (इथे मी साहेबांना एकेरीत आणलं. तसंच राहू देतो. त्या दुपारी ते कुणाचे साहेब नव्हते.) मी जेवत होतो. तो म्हणाला, "चोवीस तासांच्या आत कळवावं लागतं ना? मी कळवतोय." मागे एक लहान मुलगी रडत होती. मी हात धुतले, दाव्याचा फॉर्म घेतला आणि निघालो.

दवाखान्याच्या पायरीवर नंदकिशोर बसला होता. पायांत दोन वेगवेगळ्या चपला. रडत होता, पण आवाज न करता, मीटिंगमध्ये रडावं तसा.

"मी प्रोसेस पाळली, ज्योतीराम. पहिल्यापासून पाळली."

माझ्या हातात फक्त फॉर्म होता, म्हणून मी तो दिला. त्याने तो मांडीवर घेतला आणि भरायला सुरुवात केली. विमाधारकाचे नाव. पाळीव सदस्याचे नाव. सदस्य हयात आहे काय? तिथे पेन थांबलं. तो रकाना त्याने दोन तास कोरा ठेवला. मी शेजारी बसून होतो, आणि बावीस वर्षांत प्रथमच मला आमचा फॉर्म लांब वाटला.

पाचच्या सुमारास डॉक्टर पूर्वी बाहेर आल्या आणि म्हणाल्या, "वाचली." इराने त्यांच्या कमरेला मिठी मारली. नंदकिशोर उठला, आत जाऊन टेबलापाशी उभा राहिला आणि खारीच्या पंजाला हात लावण्याची परवानगी बायकोकडे डोळ्यांनी मागू लागला. अरुंधतीबाईंनी ती दिली नाही. नाकारलीही नाही. खारी पाच दिवस सलाइनवर होती आणि इरा शाळा सुटल्यावर तिच्याशेजारी बसून भूगोल मोठ्याने वाचायची. सह्याद्रीतल्या नद्या येईपर्यंत खारी उभी राहिली.

खर्च अठ्ठेचाळीस हजार. आता दाव्याविषयी.

पहिल्यांदा दावा फेटाळला गेला, कारण ऑपरेशनचं जे वैद्यकीय नाव डॉक्टरांनी कागदावर लिहिलं, तेच नाव नसबंदीचंही आहे. दोन्हींत गर्भाशयच काढतात. कंपनीच्या संगणकाने नाव ओळखलं आणि पान सतरा दाखवलं.

साहेबांनी (ते आता पुन्हा साहेब झाले होते) अपील केलं की ही नसबंदी नव्हे, आजार आहे; सोनोग्राफी जोडली आहे. कंपनीने आजार मान्य केला. आमची कंपनी उदार आहे. परंतु पान एकोणीसनुसार विमाधारकाने वाजवी काळजी घेणं बंधनकारक असतं, आणि वेळीच नसबंदी न केल्यास हा आजार होतो याची विमाधारकास पूर्ण कल्पना होती. पुरावा म्हणून त्यांनी साहेबांचीच आकृती जोडली होती. बाण, चौकोन, सगळं. तांबडा चौकोन तेवढा काळापांढरा आला होता.

मग आरोग्यसखा. एकोणीस दिवस कमी.

साहेबांचा फोन आला. आवाज शांत होता. "म्हणजे नसबंदी करायची, पण तुमच्या पैशानं नाही. आणि नाही केली, म्हणून आजार झाला, तर तोही तुमच्या पैशानं नाही."

"बरोबर, सर."

"मग मी भरत होतो ते कशाचे?"

"मनःशांतीचे. पहिल्या पानावर आहे."

मला त्या रचनेतलं सौंदर्य खरोखर दिसलं. देवळाच्या गाभाऱ्यासारखी आहे ती: कुठूनही प्रदक्षिणा घाला, दार एकच, आणि त्याला कुलूप.

दुसऱ्या दिवशी अरुंधतीबाईंनी फोन केला. "ज्योतीराम, ती पॉलिसी कुणाच्या नावावर आहे?"

"साहेबांच्या. कुत्रीच्या नावावर नसते."

"म्हणजे आजवर आपण तिचा विमा उतरवला होता असं मी समजत होते, ते चूक."

"तसं म्हणता येईल, मॅडम."

"त्याचाच होता," त्या म्हणाल्या आणि फोन ठेवला. तेव्हापासून खारीची फाइल त्यांच्या टेबलाच्या खणात असते आणि लसीची तारीख इरा ठरवते. साहेबांना जेवताना कळवलं जातं.

पॉलिसीचं दुसरं वर्ष संपलं. नूतनीकरणाचं पत्र आलं. त्यात दोन बदल होते. पहिला: आधीचा आजार लक्षात घेता खारीच्या गर्भाशयाचे सर्व विकार यापुढे विम्यातून कायमचे वगळण्यात येत आहेत. दुसरा: खारीला आता गर्भाशय नसल्याने जोखीम घटली आहे, म्हणून हप्त्यात चार टक्के सूट. साहेबांनी दोन्ही वाचलं. या वेळी चोवीसही पानं वाचली, शेवटपर्यंत. मग कपाटातून चेकबुक काढलं आणि नूतनीकरण केलं.

सूट होती.

वगळलेल्या बाबी कायद्याप्रमाणे गिऱ्हाइकाला आधी सांगाव्या लागतात. म्हणून मी आता पॉलिसी विकण्यापूर्वी ही सगळी हकिगत सांगतो, काही न लपवता. आजवर एकतीस जणांना सांगितली. एकतीसही जणांनी कंपनीला चोर म्हटलं. अठ्ठावीस जणांनी साहेबांना मूर्ख म्हटलं (उरलेले तिघे क्वालिटीतले होते). चौघींच्या डोळ्यांत पाणी आलं. त्यानंतर सव्वीस जणांनी विचारलं की हप्ता किती, आणि पॉलिसी घेतली. डॉक्टरांनी सांगितलेल्या मुदतीत ऑपरेशन कितींनी करून घेतलं, तर दोघांनी. त्यांतल्या एकाची बदली चेन्नईला झाली होती आणि सामानाबरोबर तेही काम उरकायचं होतं.

आता तुम्ही. तुमच्याकडे कुत्रं नसेलही. पण गुडघा असेल, डोळा असेल, पित्ताशय असेल. डॉक्टरांनी काहीतरी करून घ्या म्हणून सांगितलं असेल, आणि 'पुढच्या मार्चनंतर बघू' असं तुम्ही त्यांना हसून म्हणाला असाल. कारण मार्चमध्ये कसला तरी काळ पुरा होतो. नेमकं कुठे दुखतं ते तुम्हाला ठाऊक आहे. आत्ता हे वाचताना हातही तिथे गेला असेल.

मला मात्र सांगू नका. सांगितलंत, की तो आधीपासूनचा आजार होतो.